मंतरलेलं, भारलेलं की झपाटलेलं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: मुलांसाठी एक परीकथा मराठीत आणताय, तिच्यात चेटकिणीनं जादू केलेलं जंगल आहे, आणि त्याला 'मंतरलेलं' म्हणावं, 'भारलेलं' म्हणावं की 'झपाटलेलं', हे ठरत नाहीये. शिवाय लोक कॉलेजच्या दिवसांना 'मंतरलेले दिवस' म्हणतात, तर दिवस मंतरतं कोण, असंही विचारलंय. दुसरा प्रश्न जास्त मजेदार आहे, पण आधी पहिला घेऊ. तीस वर्षं मुद्रितं तपासण्यात गेली, त्यामुळे या तिघांची अदलाबदल रोज बघत आलोय.

तिन्ही विशेषणं क्रियापदांवरून आलेली आहेत: मंतरणे, भारणे, झपाटणे. म्हणजे प्रत्येकात एक क्रिया आधीच घडून गेलेली आहे. 'सुंदर' किंवा 'अद्भुत' हे वस्तूचे गुण झाले. 'भारलेला' हा गुण नव्हे, तो त्या वस्तूवर गुदरलेला प्रसंग आहे. ती क्रिया कुणी केली आणि कशावर केली, हे बघितलं की निम्मा गोंधळ मिटतो.

लहानपणी सातारा जिल्ह्यात आजोळी होतो, तेव्हाची गोष्ट. धाकट्या मामेभावाचं रडं थांबेना. आधी आजीनं मीठ-मोहरी आणि सुक्या मिरच्या ओवाळून चुलीत टाकल्या. मिरच्यांचा ठसका लागला नाही, म्हणजे दृष्ट भारी, असं ठरलं आणि मला पितळी तांब्या देऊन देवरुष्याकडे पिटाळलं. म्हाताऱ्यानं तांब्या तोंडाशी धरला, ओठ हलवले, आवाज काही आला नाही, मग पाण्यावर तीनदा फुंकर मारली आणि तांब्या माझ्या हातात दिला. निघताना म्हणाला, "खाली टेकवू नगं." घरी आल्यावर आजीचा पहिला प्रश्न, "पानी भारून आनलंस न्हवं? सांडलं न्हाई ना?" पोर दुसऱ्या दिवशी दात आल्यामुळे रडत होतं असं निघालं, ते सोडा. मला आठवतं ते टेकवू नको आणि सांडू नको. त्या पाण्यात काहीतरी घातलं गेलं होतं, ते जमिनीत उतरून जाऊ शकत होतं. 'भारलेलं' या शब्दाचं सगळं मर्म त्या तांब्यात आहे. ताईत भारलेला असतो, दोरा भारलेला असतो, लिंबू, उडीद, राख, खिळा भारलेला असतो. एखाद्या जिनसेत शक्ती भरून ठेवलेली आहे आणि ती तुमच्या हाती आली आहे.

म्हणून आजही हा शब्द बाहेरून आत शिरलेल्या गोष्टीसाठी शोभतो, आणि काय शिरलं ते 'ने' किंवा 'नी' लावून सांगता येतं. गांधीविचारांनी भारलेली पिढी. संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीनं भारलेला १९५६ ते १९६०चा काळ. वातावरणही भारलेलं असतं, सभागृह असतं, मैफल संपल्यावरची रिकामी खोलीसुद्धा असते. इथेच 'भारावलेला' त्याच्यापासून वेगळा होतो. भारावतो तो ज्याला मन आहे तो. सत्कारमूर्ती भारावतात, प्रेक्षक भारावून जातात. खोली भारावत नाही. 'भारावलेल्या वातावरणात सोहळा पार पडला' असं वाक्य आलं की माझी लेखणी आपोआप उठते. एक काना आणि एक 'व' खोडला की काम होतं. विजेच्या भाराशी मात्र याचा काही संबंध नाही. विज्ञानात कण प्रभारित किंवा विद्युतभारित असतो, भारलेला नसतो. उलट बाजूनं 'भारित वातावरणात सभा झाली' असंही एकदा बातमीत वाचलंय. तिथे विजेची तार पडली होती की काय, असंच वाटलं.

'झपाटलेला'मध्ये मांत्रिक नाहीच. तिथे भूत थेट अंगात घुसतं. झपाटणे हे झपाटा, झपाट्याने यांच्या घराण्यातलं; झडप, वेग, अचानकपणा त्याच्या हाडात आहे. त्यामुळे कामानं झपाटलेला माणूस म्हटलं की तो धावताना दिसतो. जेवणाची शुद्ध नाही, रात्री दोनला दिवा चालू. विचारांनी भारलेला कार्यकर्ता शांत बसलेला असू शकतो, विचारांनी झपाटलेला कार्यकर्ता सायकल घेऊन कधीच बाहेर पडलेला असतो. माणसाला लागलं की हे विशेषण कौतुकाचं झालंय, पण घराला, वाड्याला, विहिरीला लागलं की लगेच मूळ पदावर येतं. झपाटलेला वाडा म्हणजे भुताचाच वाडा.

त्याचा चुलतभाऊ 'पछाडलेला' अजून सुधारलेला नाही. संशयानं पछाडलेला, आजारानं पछाडलेला. पछाडणं म्हणजे आपटणं, लोळवणं, ते त्याला विसरता येत नाही. एकदा एका मुख्याध्यापकांच्या निवृत्तीच्या स्मरणिकेत 'शाळेच्या ध्यासाने पछाडलेले गुरुजी' असं माझ्या हातून छापून गेलं. समारंभात गुरुजींनी मला बाजूला घेतलं. "का रं, मला भुतानं धरलं हुतं व्हय?" मी काही बोलायच्या आत त्यांच्या मंडळी म्हणाल्या, "धरलंच हुतं की. तीस वर्सं घरात कुठं हुता तुमी?" तेव्हा शब्द अगदीच चुकला नव्हता, पण स्मरणिकेत शोभत नव्हता एवढं खरं.

आता 'मंतरलेला'. मूळ शब्द मंत्र. जन्माचा जलम होतो, कर्माचं करम होतं, यंत्राचं जंतर होतं, तसा बोलीत मंत्राचा मंतर झाला. या क्रियापदानं बोलीतलं रूपच धरून ठेवलं. 'मंत्रलेला' कुणी म्हणत नाही आणि लिहूही नये. याच क्रियेला संस्कृत नावही आहे, अभिमंत्रित. पण दोन्ही शब्द एका उंबऱ्याच्या आत नांदत नाहीत. भटजींनी कलशावर मंत्र म्हटले की पाणी अभिमंत्रित होतं. देवरुष्यानं तांब्यावर फुंकर मारली की ते मंतरलेलं किंवा भारलेलं. क्रिया तीच, ओठांच्या हालचालीही जवळपास त्याच, फक्त जात आणि दक्षिणा वेगळी. तुमच्या गोष्टीतली चेटकीण चुकूनसुद्धा काही 'अभिमंत्रित' करणार नाही.

दिवस मंतरतं कोण, हा तुमचा दुसरा प्रश्न इथे येतो. व्याकरणानं उत्तर द्यायचं तर कुणीच नाही. पाणी, तांदूळ, अंगारा मंतरलेला असतो तेव्हा मंतरणारा माणूस गावात असतो, त्याचं घर दाखवता येतं. दिवस, रात्र, संध्याकाळ मंतरलेली असते तेव्हा कर्ता गायब झालेला असतो. 'विचारांनी भारलेले दिवस' म्हणता येतं, 'नाटकाने झपाटलेले दिवस' म्हणता येतं, पण 'अमुकाने मंतरलेले दिवस' हे कानाला खटकतं. कारण सांगायची जबाबदारी नसल्यामुळेच हा शब्द आठवणींना इतका मानवला. वसतिगृहातलं पाणचट वरण, कॅन्टीनची उधारी, नापास झालेला पेपर, सगळं वीस वर्षांनी मंतरलेलं होतं. चालू दिवसांना हे विशेषण कुणी लावत नाही, हेही बघा. 'सध्या माझे मंतरलेले दिवस चाललेत' असं म्हणणारा माणूस मला अजून भेटायचाय. प्रेमात पडलेले लोकही नंतरच म्हणतात.

एक गोष्ट मला नेहमी विचित्र वाटते. विशेषणं अशी गोड होत गेली, पण त्याच कारखान्यातली नामं होती तिथेच राहिली. मंतरलेली रात्र पुस्तकांतून, गाण्यांतून मिरवते; करणी, मूठ, भानामती, जारणमारण यांना कुणी कवितेत बोलवत नाही. महाराष्ट्राचा जादूटोणाविरोधी कायदा २०१३ सालचा, डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या खुनानंतर आधी वटहुकूम म्हणून आला आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये विधिमंडळात मंजूर झाला. त्यातल्या गुन्ह्यांच्या यादीत करणी, चेटूक, जारणमारण हे शब्द आहेत. नंदुरबारकडच्या सातपुड्यात एखाद्या बाईला 'डाकीण' म्हटलं तर तिला गाव सोडावं लागू शकतं, जीवही जाऊ शकतो. मुलांच्या गोष्टीत चेटकीण असायला माझी हरकत नाही, पण चित्रकाराला सांगा की तिला गावातल्या एकट्या म्हातारीसारखं काढू नको. परीकथेतली आहे, तर परीकथेतलीच दिसू दे.

'जादुई'चंही विचारलंय तुम्ही. हिंदीतून आलेला, जाहिरातींनी गुळगुळीत केलेला शब्द आहे. साबणाचा स्पर्श जादुई, मसाल्याची चव जादुई. चुकीचा नाही, पण त्यात कुणी काही केल्याची खूण नाही, म्हणून भीतीही नाही. 'मंत्रमुग्ध' श्रोत्यांना राखून ठेवा, 'संमोहित' डॉक्टरांना. 'गारूड' हा शब्द उत्तम आहे, सापाचं विष उतरवणाऱ्या गरुडाच्या मंत्रावरून आलेला, पण परीक्षणं लिहिणाऱ्यांनी त्याचा इतका घाम काढलाय की थोडे दिवस विश्रांती द्यावी.

तर जंगल. अस्सल मराठी लोककथेत जंगलावर कुणी जादू करत नाही, ते आधीच कुणाच्या तरी मालकीचं असतं. देवराईत काटकी तोडायची नाही, कारण ती देवाची. कोकणात राखणदार असतो. तिथे लोक 'जागा जागृत आहे' म्हणतात किंवा आवाज खाली आणून 'त्या जागेत काहीतरी आहे' एवढंच. तुमची गोष्ट बाहेरची असल्यामुळे हा पेहराव तिला घालू नका, तिथे कुणीतरी मुद्दाम जादू केलेली आहे. ती करतानाचं वाक्य भारणे वापरून लिहा: चेटकिणीनं सगळं जंगल भारून ठेवलं होतं. मुलं आत शिरतात तेव्हा ते भारलेलं जंगल. शीर्षकाला मात्र 'मंतरलेलं जंगल' घ्या, कानाला गोड आहे आणि मुलं घाबरून पुस्तक मिटणार नाहीत. 'झपाटलेलं' तेव्हाच, जेव्हा झाडं स्वतः उठून मागे लागतात. तुम्ही लिहिलंय त्यावरून तसं काही होत नाही.

शेवटच्या पानावर एक सांभाळा. तुमच्या कच्च्या खर्ड्यात 'आणि जादू तुटली' असं आहे. मराठीत हे तुटत नाही, उतरतं. ताप, नशा, राग, भूत, विंचवाचं विष, जे जे चढतं ते उतरतं. म्हणून तर त्यावरच्या उपायाला उतारा म्हणतात. एकनाथांनी सोळाव्या शतकात विंचवाच्या भारुडात कामक्रोधाचा विंचू चावल्यावर सत्त्वगुणाचा अंगारा लावून उतरवलाच आहे. तुमच्या नायिकेकडे अंगारा नाही, तिच्या हातात दव भरलेलं पान आहे, तेही चालेल. 'तिनं पानावरचं दव झाडाच्या मुळाशी सांडलं आणि जंगलावरचं चेटूक हळूहळू उतरलं,' असं करून बघा. 'हळूहळू' तेवढं ठेवा.