काळाचे थर मोडलेला काल्पनिक प्रदेश कथेत खरा कसा वाटेल?

आपला प्रश्न असा आहे की, कादंबरीतल्या एका काल्पनिक प्रदेशात काळ तुटला आहे आणि त्याचे थर एकावर एक साचले आहेत, तर हा प्रदेश वाचकाला नुसता गोंधळ न वाटता राहता-जागता कसा वाटेल. मी नाशिकला राहतो आणि गेली काही वर्षे अशाच एका प्रदेशाच्या कथा लिहीत आहे, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

काळाचे थर असणे आणि काळ तुटणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे मला बऱ्याच उशिरा उमगले. येथील गोदाकाठच्या मातीच्या गढीवर १९५०-५१ साली पुरातत्त्वज्ञ ह. धी. सांकलिया आणि शां. भा. देव यांनी उत्खनन केले, तेव्हा ताम्रपाषाण काळापासून (माणूस तांब्याची आणि दगडाची अशी दोन्ही हत्यारे वापरत असे त्या काळापासून) पुढच्या अनेक वस्त्यांचे थर एकाच टेकाडात सापडले. खालचे जुने आणि वरचे नवे, हा थरांचा सरळ नियम आहे. पण वरच्या थरावर राहणारी माणसे पायांखाली काय आहे याचा विचार करून जगत नाहीत. ती धान्यासाठी पेव खणतात, आड खणतात, घराचे खांब रोवतात, आणि त्या खड्ड्यातून नव्या काळाचे खापर जुन्या काळाच्या मांडीला मांडी लावून बसते. म्हणून उत्खनन करणारा माणूस आधी खड्ड्याची कड शोधतो. तिथली माती रंगाने आणि भुसभुशीतपणाने वेगळी असते, आणि ती कड नजरेतून सुटली तर सगळा कालक्रम चुकतो. आपल्या प्रदेशातही काळ ‘आपोआप’ मोडलेला ठेवू नये, असे माझे ठाम मत आहे. तो खड्डा कोणी खणला, कोणत्या गरजेपोटी खणला आणि त्याची कड कोणाला ओळखता येते, हे लेखकाला पहिल्या पानाआधी ठाऊक असले पाहिजे, मग ते वाचकाला शेवटपर्यंत सांगितले नाही तरी चालेल.

दुसरी गोष्ट नियमाची. आपल्या पंचांगात तिथीचा क्षय होतो आणि वृद्धीही होते, तरी कोणी गोंधळत नाही, कारण सूर्योदयाला जी तिथी चालू असेल ती त्या दिवसाची, हा नियम पक्का आहे. जी तिथी एका सूर्योदयानंतर लागून दुसऱ्याच्या आधी संपते तिला दिवसच मिळत नाही. महाशिवरात्रीला त्र्यंबकेश्वराच्या रांगेत उभा असलेला मराठी माणूस माघ वद्य चतुर्दशीला दर्शन घेत असतो, आणि त्याच्या पुढचा उत्तर भारतीय भाविक त्याच रात्री फाल्गुनात उभा असतो, कारण आपला महिना अमावास्येला संपतो आणि त्यांचा पौर्णिमेला. एकाच रांगेत दोन महिने आहेत आणि तरीही रांग मोडत नाही. आपल्या प्रदेशातील थर असे शेजारी राहू शकले, तर वाचक त्यांच्यावर विश्वास ठेवील.

माझ्या कथांतील प्रदेश मला गाळपेरीवरून सुचला. धरणाचे पाणी उन्हाळ्याकडे उतरू लागले की उघड्या पडलेल्या जमिनीत एका हंगामापुरते पीक घेतात, ती गाळपेर. चांदोरीजवळ गोदावरीच्या पात्रातील जुनी मंदिरे पाणी उतरल्यावर वर आलेली पाहिली, आणि मनात आले की, पाण्याऐवजी काळच उतरला तर काय होईल? माझ्या खोऱ्यात होळीनंतर मागची वर्षे एकेक करून उघडी पडतात, गावकरी त्यांत उतरून पेरणी करतात, आणि मृगाचा पहिला पाऊस पडण्यापूर्वी त्यांना परतावे लागते; जो मागे राहतो तो त्या वर्षाचा होऊन जातो. पहिल्या खर्ड्यात ही मुदत नव्हती, कथेला हवे तेव्हा हवे ते वर्ष उघडे पडत असे. ते वाचून एका मैत्रिणीने सांगितले की, तिला कोणाचीच काळजी वाटली नाही. मुदत आली तेव्हा काळजी आली. त्यानंतर किंमतही सापडली: ज्या वर्षाच्या जमिनीचा कस हे लोक पिकातून काढून नेत होते, तेच वर्ष त्यांच्या आजोबांच्या आठवणीत दुष्काळाचे होते. हे कळल्यावरही घरात लेकरे उपाशी असतील, तर माणूस पुन्हा त्या वर्षात उतरेल का, या प्रश्नावर माझ्या तीन कथा उभ्या आहेत.

काळ कशामुळे तुटला याचे शास्त्रीय किंवा दैवी स्पष्टीकरण देण्यात पाने घालवू नयेत. त्यापेक्षा नात्यांकडे लक्ष द्यावे. आजी वयाने नातीपेक्षा लहान असेल, तर सणाला कोणी कोणाला वाकून नमस्कार करायचा? वडील अजून जन्मायचे आहेत आणि मुलगा मात्र तलाठ्यासमोर वारसनोंदीसाठी उभा आहे, तर सातबाऱ्यावर नाव कोणाचे लागेल? अशा दोन-तीन प्रसंगांतून प्रदेश जितका उभा राहतो, तितका भग्न मनोऱ्यांच्या आणि थांबलेल्या घड्याळांच्या वर्णनातून राहत नाही.

थरांच्या मधल्या जागेविषयीही सांगितले पाहिजे. आपला सह्याद्री सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाच्या थरांवर थर साचून झाला आहे, आणि घाटात रस्त्यासाठी कापलेल्या कड्यांत काळ्या खडकाच्या दोन थरांमध्ये कुठे कुठे तांबड्या मातीचा अरुंद पट्टा दिसतो. एक लाव्हा निवला, ऊन-पावसाने झिजून त्याची माती झाली आणि मग दुसरा लाव्हा येऊन तिच्यावर पसरला, त्या मधल्या शांत काळाची ती खूण आहे. आपल्या प्रदेशात दोन काळांच्या मध्ये असा पट्टा असेल, तर कादंबरीचे पहिले प्रकरण तिथेच घडवून पाहा: मागचे संपले आहे, पुढचे अजून आलेले नाही, आणि कोणीतरी त्या कोवळ्या मातीत खड्डा खणायला सुरुवात करत आहे.