संघटनेच्या मतदार यादीत घोळ असेल, तर मतदानापूर्वी न्यायालयातून स्थगिती आणावी का?

निवडणुकीच्या तोंडावर आपल्या व्यावसायिक संघटनेत घाऊक सभासद करून घेतले गेले आहेत आणि म्हणून मतदानाआधी स्थगिती मिळवावी का, असे आपण विचारले आहे. माझे स्पष्ट मत आहे की मिळवू नये. न्यायालयात जरूर जावे, परंतु मतदान थांबवण्यासाठी जाऊ नये. स्थगिती कोणीही आणली तरी तिचा लाभ खुर्चीत बसलेल्यांनाच होतो.

मी जिल्ह्याच्या ठिकाणी कर सल्लागार आहे आणि आमच्या संघटनेत नेमके हेच घडले. मी सचिवपदाचा उमेदवार होतो. अंतिम यादी लागली, तेव्हा जीएसटी कार्यालयात किंवा अपिलाच्या सुनावणीला ज्यांना आमच्यापैकी कोणीही कधी पाहिले नव्हते, अशी कितीतरी नावे तिच्यात निघाली. पावती पुस्तक मागवून पाहिले, तर त्या पावत्यांचे क्रमांक सलग, अक्षर एकाच हाताचे आणि सगळ्यांची वर्गणी एकाच धनादेशाने भरलेली! याहून चांगला पुरावा कोणाला मिळणार? त्या पावत्यांच्या साक्षांकित प्रती घ्याव्यात, निवडणूक अधिकाऱ्याकडे लेखी हरकत नोंदवून पोच घ्यावी आणि मतदानाला सामोरे जावे, असे मी त्याच रात्रीच्या बैठकीत सांगितले. आमच्याच बाजूच्या एका ज्येष्ठ सहकाऱ्यांनी मात्र ‘आधी स्थगिती आणू, पुढचे पुढे पाहू’ असा हट्ट धरला आणि बैठकीने त्यांचे ऐकले.

दिवाणी दावा दाखल झाला, ‘जैसे थे’चा अंतरिम आदेश मिळाला आणि पेढेही वाटले गेले. त्या अर्जाला विद्यमान कार्यकारिणीच्या वकिलांनी फारसा विरोध केला नाही, हे तेव्हा कोणाच्या लक्षात आले नाही. त्यांनी तो का करावा? जैसे थे म्हणजे तेच अध्यक्ष, तेच कोषाध्यक्ष, बँकेत त्यांच्याच सह्या आणि दप्तराच्या कपाटाची किल्लीही त्यांच्याचकडे. पुढे तारखांवर तारखा पडत गेल्या, मुदत संपलेली कार्यकारिणी आणखी एक पूर्ण मुदत उपभोगून गेली, आणि पुराव्याची वेळ आली तेव्हा पावत्यांच्या स्थळप्रती कार्यालय हलवताना गहाळ झाल्याचे प्रतिज्ञापत्र समोर आले.

हे लहान गावातच होते असे नाही. सर्वोच्च न्यायालयातील वकिलांच्या संघटनेने फेब्रुवारी २००३ मध्ये ‘एक बार, एक मत’ (सभासदाने एकाच बारमध्ये, म्हणजे वकील संघटनेत, मतदान करावे) असा नियम केला. इतर बारमध्ये मतदान करणाऱ्या आणि येथे केवळ निवडणुकीपुरते उगवणाऱ्या सभासदांना आळा घालणे, हा त्यामागील उद्देश होता. दोन सभासदांनी दिल्लीच्या दिवाणी न्यायालयात दावे दाखल केले आणि एप्रिलमध्ये अंमलबजावणीला अंतरिम मनाई मिळवली. ती मनाई सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली २६ सप्टेंबर २०११ रोजी! न्यायमूर्ती पांचाळ आणि न्यायमूर्ती गोखले यांच्या त्या निकालात नियम वैध ठरला, संघटनेच्या अंतर्गत कारभारात न्यायालयाने सहसा पडू नये असे सांगितले गेले, आणि नियमाच्या अंमलबजावणीचे काम वेणुगोपाल, पी. पी. राव आणि रणजित कुमार या तीन ज्येष्ठ वकिलांच्या समितीकडे दिले गेले. ज्यांचे आयुष्य न्यायालयात जाते त्यांचीच एका अंतरिम आदेशाने साडेआठ वर्षे घेतली, तेथे आपली काय कथा?

महाराष्ट्रात आपल्यासारख्या बहुतेक संघटना १८६० चा संस्था नोंदणी कायदा आणि १९५० चा सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायदा अशा दोन्ही कायद्यांखाली नोंदलेल्या असतात. निवडून आलेल्या कार्यकारिणीला विश्वस्त व्यवस्था कायद्याच्या कलम २२ नुसार नव्वद दिवसांत धर्मादाय आयुक्तांच्या कार्यालयात चेंज रिपोर्ट, म्हणजे पदाधिकारी बदलल्याचा अहवाल, द्यावा लागतो. आपली खरी लढाई तेथे आहे. सहायक किंवा उपधर्मादाय आयुक्तांपुढे हरकत घ्यावी, साक्षीपुरावे द्यावेत, उलटतपासणी करावी. निवडणूक संघटनेच्या घटनेनुसार झाली की नाही, हे तेथेच तपासले जाते. हे काम जलद होते असे मी म्हणणार नाही, परंतु तोवर निदान मुदत संपलेले लोक जैसे थेच्या आडोशाने बसून राहत नाहीत.

ते ज्येष्ठ सहकारी आजही मला म्हणतात की मतदान झाले असते तर आपण हरलोच असतो. हरलो असतोही! पण साक्षांकित प्रती हातात असताना हरलेल्या उमेदवाराला चेंज रिपोर्टवर हरकत घेण्यापासून कोण अडवणार होते? उलट स्थगिती जिंकल्यामुळे आमच्या हातचा पुरावाही गेला, याचे उत्तर त्यांनी मला कधी दिलेले नाही.

हे सारे सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था, म्हणजे न्यास, म्हणून नोंदलेल्या संघटनेला लागू आहे. आपली संघटना सहकारी संस्था, कामगार संघटना किंवा कंपनी म्हणून नोंदलेली असेल तर दाद मागण्याचे ठिकाण वेगळे असेल. त्यासाठी आधी नोंदणी प्रमाणपत्र पाहावे. तसेच निवडणूक अधिकारीच एखाद्या उमेदवाराचा भागीदार असेल किंवा आपले स्वतःचेच नाव यादीतून वगळले असेल, तर मतदानापूर्वी न्यायालयात जाणे मला मान्य आहे, परंतु तेव्हाही स्थगिती न मागता तटस्थ निरीक्षक मागावा आणि मतपत्रिका, यादी व पावती पुस्तके मोहोरबंद करण्याचा आदेश मागावा.