इब्न बतूता वाचायला घेताय? मग सुरुवात दौलताबादपासून करा

मोरोक्कोचा इतिहास इब्न बतूता या चौदाव्या शतकातल्या मोरोक्कन प्रवाशाच्या प्रवासवर्णनापासून वाचायला घेताय, हे फार छान. पण पहिल्या पानापासून वाचत सुटू नका. मक्केला पोचेपर्यंतच दमछाक होईल. आधी दौलताबादचा भाग काढा. किल्ल्याच्या अंधारकोठडीतले मांजरांपेक्षा मोठे उंदीर तिथे भेटतील, मराठ्यांचा उल्लेखही सापडेल. ओळखीच्या जागेवरून लेखकाची नजर लवकर कळते.

मग तारखा. तो मोरोक्कोतल्या टँजियर शहराहून निघाला हिजरी (इस्लामी कालगणना) 725 मध्ये, म्हणजे इसवी सन 1325. हिजरी सालाला 0.97 ने गुणा आणि 622 मिळवा. एखाद्या वर्षाचा फरक पडतो, तो चालतो. नुसते 622 मिळवलेत तर 1347 येईल आणि पुढचा सगळा हिशेब कोलमडेल. हिजरी वर्ष आपल्या कॅलेंडरपेक्षा सुमारे 11 दिवसांनी लहान, म्हणून हा घोळ होतो.

सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे हे पुस्तक वाटेत लिहिलेली रोजनिशी नव्हे. परतल्यावर मोरोक्कोच्या मरिनी घराण्यातल्या सुलतान अबू इनानच्या हुकमावरून त्याने आपली हकिकत इब्न जुझय्य या लेखकाला सांगितली, त्याने ती लिहून काढली आणि 1355 मध्ये ती पुरी झाली. म्हणजे मध्ये कित्येक वर्षं गेलेली. शिवाय दमास्कस, मक्का इथल्या वर्णनांत आधीच्या प्रवासी इब्न जुबैरचे उतारे जवळजवळ जसेच्या तसे घेतलेत. म्हणून समासात पेन्सिलीने खूण करत चला: पाहिलेलं, ऐकलेलं, उसनं. अशी निदान पन्नास पानं झाल्याशिवाय त्यातलं काही पुरावा म्हणून वापरू नका.