नाग नदीवर फिल्म करतोस? मग आधी खाली आंभोऱ्यापर्यंत जा

भाऊ, पुलावर उभं राहून फेसाचे चार शॉट घेतले म्हणजे डॉक्युमेंटरी झाली नाही. तसले शॉट अर्ध्या नागपूरच्या मोबाइलमध्ये पडून आहेत. नदीसोबत खाली जा. आपलं सांडपाणी घेऊन नाग कन्हानला मिळते, कन्हान आंभोऱ्याला वैनगंगेत, आणि पुढे गोसीखुर्दचं धरण. तिथला ढिवर जाळं झटकताना आपसूक जे बोलून जातो, ती तुझी फिल्म. पहिल्या भेटीत कॅमेरा बॅगेतच राहू दे. चहा घे, जाळं कसं विणतात ते विचार. चेहरा दाखवणार असशील तर फिल्म कुठे-कुठे दिसेल हे नीट समजावून सांग. नुसती कागदावर सही घेऊन मोकळा होऊ नको.

पैसे लेन्सवर उडवू नको, आवाजावर घाल. कॉलर माइक, त्यावर वाऱ्यासाठी फरची टोपी, आणि कानाला हेडफोन लावूनच रेकॉर्डिंग. चित्र हललं तर चालून जातं, आवाज फाटला की मुलाखत गेली. मे महिन्यात दुपारी शूट ठेवूच नको. तू डोक्याला दुपट्टा बांधशील, पण कॅमेरा तापून बंद पडतो.

आकडे ऐकीव नकोत. माहिती अधिकाराचा अर्ज टाक, 10 रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून. 30 दिवसांत उत्तर नाही आलं तर पहिलं अपील कर, आणि त्या अर्जाची पोच जपून ठेव. टाळाटाळसुद्धा फिल्ममध्ये दाखवता येते.

ड्रोनचा मोह आवर. विमानतळ जवळ आहे, उडवण्याआधी डिजिटल स्काय या सरकारी ड्रोन पोर्टलवरचा नकाशा बघ.