नग, ठिपका आणि रुमाल

प्रश्न : यंदा हौसेने शाडूचा नऊ इंची गणपती घरीच केला. अंग रंगवेपर्यंत काही वाटलं नाही. पण डोळे काढल्यापासून जाता-येता तो माझ्याकडेच बघतोय असं वाटतं. दीड दिवसाने विसर्जन, आणि माझ्याच्याने होईलसं वाटत नाही. पेणला तुम्ही इतकी वर्षं मूर्तींच्या डोळ्यांची आखणी करता, तुम्हाला असं होतं का?
– एक वाचक, डोंबिवली

उत्तर : होतं तर!

आमच्या कारखान्यात आखणी होईपर्यंत तो ‘नग’ असतो. ‘फळीवरचे बारा नग उतरव’ असं आम्ही बिनदिक्कत म्हणतो, उपडा धरून बूड घासतो, सोंड तुटली तर ओल्या मातीने चिकटवतो. डोळ्यांना बसले की मात्र मी बोलत नाही. झिरो नंबरचा ब्रश, करंगळी त्याच्या गालाला टेकलेली, श्वास रोखलेला. भुवई, पापणीची रेघ, बुबुळ, आणि सगळ्यात शेवटी पांढरा ठिपका. तो पडला की नग म्हणवत नाही. प्राण यायचा तो चतुर्थीला, भटजींच्या मंत्राने, हे मलाही ठाऊक आहे. पण भटजींना ठिपका कुठे काढावा लागतो?

एकदा दीड फुटी मूर्तीची नजर माझ्या हातून तिरळी गेली. पॉलिश पेपर घेतला, पण घासवेना. चांगला डोळा बघत होता ना! शेवटी, गिऱ्हाईक नेताना तोंडावर टाकतात तसा रुमाल टाकला, बिघडलेला डोळा तेवढा उघडा ठेवला आणि घासला. जाऊबाई अजून हसतात.

विसर्जन मात्र करा. पार्थिव गणपती तो, मातीतच जायचा. उत्तरपूजा झाली, अक्षता वाहून मूर्ती जागची जराशी हलवली, की आपल्यापुरता तो निघाला. मग बादलीत सोडा आणि पाठ फिरवू नका, तिथेच बसा. कच्चा शाडू पाणी प्यायला लागला की बुडबुडे येतात, कान-बोटं आधी सुटतात. सकाळी वरचं पाणी नितळून काढा, गाळ फडक्यात बांधून ठेवा. पुढच्या वर्षी त्याच मातीचा करा. मी तरी करते.

सोंडेत तार घातली असेल, तर गाळात हात घालताना जपा.