वाचकांचे प्रश्न : धंदा सांभाळून आमदारकी

प्रश्न : आमच्या भागीदारी फर्मकडे सार्वजनिक बांधकाम विभागाची दोन रस्त्यांची कामे आहेत. मला पुढची विधानसभा लढवायची आहे. ठेकेदारी बंद करावी लागेल का?

ठेकेदारी नाही, पण राज्य सरकारशी चालू असलेला करार संपवावा लागेल. लोकप्रतिनिधित्व कायदा, १९५१ मधले कलम ९-अ मोजकेच बोलते. धंद्याच्या ओघात राज्य सरकारला माल पुरवण्याचा किंवा सरकारचे काम करून देण्याचा करार जोवर चालू आहे, तोवर ती व्यक्ती आमदारकीला अपात्र. फर्मला भागीदारांपासून वेगळे कायदेशीर अस्तित्व नसते. त्यामुळे निविदेवर सही दुसऱ्या भागीदाराची असली तरी करार तुमचाही आहे.

आधी कराराचे पहिले पान काढून समोरचा पक्ष कोण ते पाहा. राज्यपालांच्या वतीने करार झाला असेल तर तो सरकारशी झालेला करार. नगरपालिकेचे किंवा रेल्वेचे काम आमदारकीपुरते या कलमात येत नाही, कारण इथे ‘सरकार’ म्हणजे राज्य सरकार. खाणपट्टाही यात मोडत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये सांगितले आहे.

काम पूर्ण असेल तर कार्यकारी अभियंत्याकडून पूर्णत्वाचा दाखला घ्या आणि शेवटची मोजमापे पुस्तिकेत चढली आहेत ना, याची खात्री करा. बिल थकले म्हणून करार चालू ठरत नाही. कायद्याचे स्पष्टीकरणच तसे आहे : तुमच्या बाजूचे काम पूर्ण झाले असले की पुरे. घोळ होतो तो दोषदायित्व कालावधीचा. रस्ता झाला, पैसेही आले, पण पुढची काही वर्षे खड्डे बुजवायची जबाबदारी अंगावर आहे. मग काम ‘पूर्ण’ झाले म्हणायचे का? विरोधकाचा वकील नेमके हेच धरून बसतो. निवडणूक डोळ्यासमोर असेल तर अशी कामे नव्याने घेऊच नयेत.

काम अर्धवट असेल तर भागीदारीतून निवृत्त झाल्याचा कागद एकट्याने पुरत नाही. निबंधकाकडे नोंद, जाहीर सूचना, आणि मुख्य म्हणजे तुम्हाला करारातून मोकळे केल्याचे विभागाचे लेखी पत्र हवे. हे सगळे अर्जांच्या छाननीच्या तारखेआधी हातात पाहिजे, मतदानाच्या आधी नव्हे. विभागाचे पत्र किती दिवसांत निघते हे ठेकेदाराला सांगायला नको, तेव्हा सहा महिने आधी सुरुवात करा.

निवडून आल्यावरही हे कलम पाठ सोडत नाही. उत्तर प्रदेशातल्या फरेंदा मतदारसंघाचे बजरंग बहादूर सिंह यांची आमदारकी सरकारी रस्त्यांच्या कंत्राटांमुळेच गेली, आणि २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयातही ती वाचली नाही.

प्रश्न : करार माझ्या नावावर नाही, खासगी कंपनीच्या नावावर आहे. मी फक्त भागधारक आहे.

कंपनी ही कायद्याने वेगळी व्यक्ती आहे, त्यामुळे सहसा ९-अ लागत नाही. पण उमेदवारी अर्जासोबत द्यायच्या नमुना २६ च्या प्रतिज्ञापत्रात अशा करारांचा रकाना आहे. त्यात तुमचे, जोडीदाराचे, अवलंबितांचे, एकत्र कुटुंबाचे, भागीदारी फर्मचे आणि तुमचा हिस्सा असलेल्या खासगी कंपनीचे सरकारी करार लिहावे लागतात. करार नसेल तर ‘निरंक’ लिहा. रकाना कोरा सोडला आणि सांगूनही भरला नाही, तर अर्ज बाद होऊ शकतो. प्रत्येक बारीकसारीक जंगम वस्तू लिहायची गरज नाही, असे २०२४ मध्ये न्यायालयाने म्हटले आहे. पण करार ही काही बारीकसारीक वस्तू नव्हे.

प्रश्न : प्रचाराला गाड्या माझ्या कंपनीच्या, माणसेही माझीच. तो खर्च का दाखवायचा?

कारण फुकट मिळालेली गाडीही हिशेबात जिल्ह्याच्या दरपत्रकाने धरली जाते. महाराष्ट्रात विधानसभेच्या उमेदवाराची खर्चमर्यादा २०२२ पासून ४० लाख रुपये आहे. अर्ज भरण्याच्या किमान एक दिवस आधी वेगळे बँक खाते उघडा. स्वतःचे पैसेही आधी त्यातच भरा आणि मगच खर्च करा. एका व्यक्तीला किंवा दुकानाला संपूर्ण निवडणुकीत १०,००० रुपयांपेक्षा जास्त रोख देता येत नाही. उमेदवाराने ठेवायच्या खर्चाच्या नोंदवहीत पांढरी पाने रोजच्या खर्चाची, गुलाबी रोखीची, पिवळी बँकेची.

धंद्यातला उमेदवार अडकतो तो सवयीमुळे. मंडपवाल्याचे बिल फर्मच्या खात्यातून जाते, ‘नंतर वळते करू’ म्हणून राहते आणि खर्चावर नजर ठेवणाऱ्या सरकारी पथकाच्या स्वतःच्या, म्हणजे छाया नोंदवहीत मात्र मंडप दिसतो. दोन्हींत तफावत आली की नोटीस येते. निकालानंतर ३० दिवसांत हिशेब दिला नाही आणि त्याला सबळ कारणही नसेल, तर तीन वर्षांची अपात्रता येऊ शकते. फर्मच्या मुनिमाला या कामाला लावू नका. निवडणुकीचे हिशेब जाणणारा वेगळा माणूस नेमा.

प्रश्न : उद्योजक म्हणून सभागृहात माझा खरा उपयोग कुठे होईल?

समित्यांमध्ये, असे आमचे ठाम मत आहे. लोकलेखा समिती आणि सार्वजनिक उपक्रम समिती यांच्यापुढे कॅगचे, म्हणजे सरकारी हिशेब तपासणाऱ्या महालेखापरीक्षकांचे अहवाल येतात. तोट्यातल्या महामंडळाची थकबाकी, पडून असलेला माल, न वापरलेला निधी हे ताळेबंद वाचता येणाऱ्याला पटकन दिसते. मंत्री या समित्यांचे सदस्य नसतात, तिथे कॅमेरेही नसतात. म्हणूनच हुशार नवे आमदार त्या टाळतात, आणि इथेच चुकतात.

प्रश्न विचारायचा तर नेमका विचारा : कामाचे नाव, लेखाशीर्ष (अर्थसंकल्पातले खर्चाचे खाते), वर्ष, रक्कम. ‘जिल्ह्यातील रस्त्यांची दुरवस्था झाली आहे, हे खरे आहे काय?’ असे विचारले की ‘हे खरे नाही’ आणि त्याखाली ‘प्रश्न उद्भवत नाही’ एवढे छापून येते. तारांकित, म्हणजे सभागृहात तोंडी उत्तर मिळणाऱ्या प्रश्नावर उपप्रश्न विचारता येतो, तेव्हा कागद हातात ठेवूनच उभे राहा. पुरवणी मागण्या, म्हणजे अर्थसंकल्पानंतर मागितलेला जादा निधी, जरूर वाचा. मार्चमधला अंदाज कुठे चुकला, ते तिथे कळते. स्वतःच्या धंद्याशी जोडलेला विषय निघाला तर आधी हितसंबंध सांगून मगच बोला.

प्रश्न : मंत्रिपद मिळाले तर?

२८८ च्या १५ टक्के म्हणजे मुख्यमंत्र्यांसह जास्तीत जास्त ४३ जण, तेव्हा घाई नको. मिळालेच तर मंत्र्यांच्या आचारसंहितेप्रमाणे धंद्याचे व्यवस्थापन सोडावे लागते, आणि ते पती किंवा पत्नीकडे देता येत नाही.

प्रश्न : आमदाराचे वेतन धंद्याच्या उत्पन्नात दाखवायचे का?

नाही. सरकार तुमचे मालक नाही, म्हणून ते पगार या सदरातही बसत नाही. ‘इतर स्रोतांपासून उत्पन्न’ या सदरात दाखवा.