कला: सुखाचं साधन की सुखाचाच भाग?

प्रिय अभ्यासकास,

सप्रेम नमस्कार. उपयुक्ततावाद (ज्यातून जास्तीत जास्त लोकांचं जास्तीत जास्त सुख साधतं ते योग्य, हा विचार) आणि कला यांच्या नात्यावरच्या निबंधाचा तुझा आराखडा सावकाश वाचला. विषय अवघड निवडला आहेस, ते आवडलं. मांडणी मात्र मोडावी लागेल. एकीकडे या विचाराचा प्रवर्तक, रुक्ष, हिशेबी बेंथम, दुसरीकडे त्याचा वारसदार, तरुणपणीच्या नैराश्यातून कवितेने सावरलेला मिल आणि शेवटी कलेचा जय, ही कथा इतक्यांदा सांगून झाली आहे की ती लिहिताना विचार करावाच लागत नाही. शिवाय ती अर्धीच खरी आहे.

आधी तीन प्रश्न वेगळे कर. ही कलाकृती कला म्हणून किती चांगली, हा पहिला. ती अनुभवणाऱ्याच्या आयुष्यात त्या अनुभवाचं मोल काय, हा दुसरा. समाजाच्या पैशातला आणि वेळेतला किती वाटा कलेकडे जावा, हा तिसरा. उपयुक्ततावादाचा जीव दुसऱ्या आणि तिसऱ्या प्रश्नात आहे. पहिल्यावर त्याला थेट असं फारसं बोलायचं नसतं. तिसऱ्याचं उत्तर पहिल्याच्या माथी मारलं की भांडण सुरू होतं. आराखड्यातल्या प्रत्येक वाक्याशेजारी समासात १, २ किंवा ३ असा आकडा टाक. ज्या वाक्याला एकच आकडा देता येत नाही, ते फोडून दोन वाक्यं कर. काम कंटाळवाणं आहे, पण निबंधातला बहुतेक गोंधळ एवढ्यानेच निघून जाईल.

आता ते प्रसिद्ध वाक्य. ‘सुखाचं प्रमाण सारखं असेल तर पुश-पिन कवितेइतकाच चांगला’ हे तू अवतरणचिन्हांत बेंथमच्या नावावर टाकलं आहेस. ते शब्द मिलचे आहेत. बेंथमवरच्या १८३८ सालच्या निबंधात, ‘त्याने कुठेतरी म्हटलं आहे’ एवढंच सांगून मिलने तो गोषवारा दिला. बेंथमचं मूळ विधान १८२५ मध्ये इंग्रजीत आलेल्या, बक्षिसं आणि उत्तेजन यांवरच्या ग्रंथात आहे. पूर्वग्रह बाजूला ठेवले तर पुश-पिन, म्हणजे टाचण्या ढकलण्याचा पोरखेळ, संगीत आणि काव्य यांच्याच तोलाचा ठरतो, असं तो म्हणतो. त्यातून सुख जास्त मिळत असेल तर तो त्यांच्याहून मोलाचा. आणि लगेच कारण देतो: हा खेळ कुणालाही खेळता येतो, कविता आणि संगीत थोड्यांनाच रुचतं. प्रकरणाचा रोख पाहा. शासनाने कोणत्या विद्या-कलांना उत्तेजन द्यावं, याची ती चर्चा आहे. म्हणजे हा तिसरा प्रश्न. एखादी कविता चांगली की वाईट, याबद्दल ते विधान काहीच सांगत नाही. बेंथम स्वतः संगीताचा शौकीन होता, हेही विसरू नको.

‘कलेसाठी कला’ म्हणणाऱ्या फ्रेंच लेखक गोतिएवरचा परिच्छेद चार ओळींत आटप. जे खरोखर सुंदर ते निरुपयोगीच असतं, हा १८३५ चा त्याचा हल्ला जोरकस आहे, पण त्याचं लक्ष्य घर चालवण्यापुरत्या उपयोगाचं आहे. बेंथम-मिलच्या हिशेबात सुख हे स्वतःच जमेच्या बाजूला असतं. ते आणखी कशाच्या कामी यावं लागत नाही. त्यामुळे ‘कला निरुपयोगी आहे’ हे वाक्य त्यांना लागूच पडत नाही.

निबंधाचा कणा म्हणून मिलच्या १८६३ च्या पुस्तकातलं चौथं प्रकरण घे. सगळे दुसऱ्या प्रकरणावर, उच्च आणि नीच सुखांच्या भेदावर थांबतात. चौथ्यात मिल म्हणतो की सुखाचे घटक अनेक आहेत आणि त्यातला प्रत्येक स्वतःसाठी हवा असतो. संगीताकडे ‘सुख’ नावाच्या कुठल्या तरी बेरजेचं साधन म्हणून पाहू नये, ते सुखाचाच एक भाग आहे. कलेच्या बाजूने उपयुक्ततावादाच्या आत राहून करता येणारा सर्वांत भक्कम युक्तिवाद हाच आहे, असं माझं ठाम मत आहे.

तो का भक्कम, हे तुझ्या आराखड्यातल्या सहाव्या मुद्द्यावर तपासून बघ. तू लिहितोस, चित्रकला शिकवल्याने मुलांची एकाग्रता वाढते, म्हणून चित्रकला हवी. मग समोरचा विचारेल: तेवढ्याच पैशात आणि तेवढ्याच वेळात दुसऱ्या एखाद्या सरावाने एकाग्रता जास्त वाढली तर? तर चित्रकला बंद करायची? तुझ्या युक्तिवादाप्रमाणे हो. कलेला दुसऱ्या कुठल्या फायद्याच्या खुंटीला टांगलं की तो फायदा स्वस्तात मिळताच कला बाहेर फेकली जाते. असे आनुषंगिक फायदे जरूर नोंदव, पण जोडीला ठेव; सगळा भार त्यांच्यावर टाकू नको. प्रत्येक फायद्यापुढे ‘हा दुसरीकडून मिळेल का?’ हा प्रश्न लिही. ज्याचं उत्तर ‘नाही’ येईल, तोच मुख्य मजकुरात घे.

यानंतर एक प्रयोग कर. तीनदा तरी पाहिलेली एखादी शोकांतिका निवड. बेंथमने १७८९ च्या ग्रंथाच्या चौथ्या प्रकरणात सुख मोजायच्या सात बाजू दिल्या आहेत: तीव्रता, कालावधी, खात्री, नजीकपणा, त्यातून पुढे आणखी सुखं निपजण्याची शक्यता, मागोमाग दुःख न येण्याची शक्यता, आणि किती माणसांपर्यंत ते पोचतं. सात रकाने आखून नाटकाचा अनुभव त्यांत भर. तीव्रता भरताना अडचण येत नाही. कालावधीपाशी पहिला अडथळा लागतो: दोन-अडीच तास धरायचे, की नंतर कित्येक दिवस डोक्यात घोळणारा प्रवेशही धरायचा? दुसरं धरलंस तर पाचव्या रकान्यात तेच पुन्हा मोजू नको; दुहेरी मोजणी ही इथली हमखास होणारी चूक आहे. खरी पंचाईत सहाव्या रकान्यात होते. शोकांतिकेतलं दुःख सुखाच्या मागून येत नाही, ते त्याच्या आतच असतं. नायकाचा विनाश आपल्याला सलला नाही तर नाटक फसलं. म्हणजे दुःख वजा करावं, तर जमेची बाजूही सोबत जाते.

या जागी इंग्रज तत्त्वज्ञ मूरला आण. १९०३ च्या ग्रंथात त्याने मांडलं की संपूर्णाचं मूल्य त्याच्या भागांच्या मूल्यांच्या बेरजेइतकंच असेल, असं नाही. शोकांतिकेचा तुझा फसलेला रकाना हे या तत्त्वाचं जिवंत उदाहरण आहे; तत्त्व आधी सांगून उदाहरण मागून चिकटवण्यापेक्षा याच क्रमाने लिही. मूरच्या दोन जगांची कल्पना सगळेच उचलतात: एक अतिशय सुंदर, एक किळसवाणं, आणि दोन्ही पाहायला कुणीच नाही, तरी सुंदर जग असणंच चांगलं नाही का? हा वार सिज्विक या उपयुक्ततावादी तत्त्वज्ञावर होता. जाणिवेपासून तुटलेल्या कशालाही मूल्य नाही, असं तो मानत होता. पण त्याच ग्रंथाच्या शेवटच्या प्रकरणात मूर सर्वांत मोलाच्या गोष्टींत माणसांमधला स्नेह आणि सौंदर्याचा आस्वाद यांना धरतो, आणि कुणी न अनुभवलेल्या सौंदर्याचं मूल्य नगण्य ठरवतो. फक्त दोन जगांचा उतारा घेतलास तर मूर उलटाच समजेल.

मिलच्या जाणकारांबद्दल थोडंच. दोन्ही सुखं चाखलेले लोक जे पसंत करतील ते वरचं, ही कसोटी तू ‘उच्चभ्रू’ म्हणून एका ओळीत निकालात काढली आहेस. ही कसोटी ज्यात आहे त्या दुसऱ्या प्रकरणातच मिल म्हणतो की उदात्त भावनांची क्षमता हे नाजूक रोप आहे; पोषण नसलं की ते सहज मरतं. यातून रसिकांचा वर्ग जसा निघतो, तसाच सर्वांना कलेचं शिक्षण मिळण्याचा आग्रहही निघतो. दोन्ही अर्थ मांडून मगच टीका कर.

शेवटचा भाग उपयुक्ततावादी तत्त्वज्ञ पीटर सिंगरच्या २०१३ मधल्या युक्तिवादाला दे (देणगी संग्रहालयाला द्यावी की अंधत्व टाळण्याला, हा त्याचा प्रश्न) आणि गणित उघड मांड. संग्रहालयाचं नवं दालन ५ कोटी डॉलरचं. वर्षाला १० लाख माणसं, ५० वर्षं, म्हणजे ५ कोटी भेटी. १ लाख डॉलर देणाऱ्याचा वाटा पाचशेवा, म्हणजे १ लाख भेटी. तेवढ्याच पैशात, माणशी १०० डॉलर धरून, १,००० लोकांना खुपरीमुळे येणाऱ्या साधारण १५ वर्षांच्या अंधत्वापासून वाचवता येतं. म्हणजे शंभर भेटींमागे एका माणसाची दृष्टी. सिंगर विचारतो, दालन पाहणाऱ्या दर शंभरांतल्या एकाला १५ वर्षांचं अंधत्व येणार असेल तर तुम्ही जाल का?

हे गणित भावनेने उडवून लावू नको, ते सुबक आहे. तीन जागी तपास. वाटा सरासरीने काढला आहे. दालन तुझ्या पैशाशिवायही उभं राहणार असेल तर तुझा परिणाम शून्य आहे, आणि नेमके तेवढेच पैसे कमी पडत असतील तर फार मोठा. दुसरं, भेटीतून पुढे काय निपजतं, ते धरलेलं नाही. पण ते धरलंस तर दृष्टी वाचलेल्या माणसाचं शिकणं, काम करणं, चित्रं पाहणं हेही धरावं लागेल, आणि तिथे सिंगरची बाजू आणखी बळकट होते. हे प्रामाणिकपणे लिही. तिसरं, निष्कर्ष पुढच्या देणगीपुरता आहे. सगळाच पैसा डोळ्यांकडे वळला तर पुढचा रुग्ण गाठायचा खर्च वाढत जाईल, कला दुर्मीळ होईल आणि तिच्यावरच्या पुढच्या डॉलरचं मोल चढेल.

या तीन नोंदी आणि सात रकान्यांचा तक्ता एवढंच आधी लिहून पाठव, दोन पानांत. प्रस्तावना त्यानंतर लिहू.

सस्नेह.